चॅलनरांचा चौथा नियम

मिल्ड्रेड या नावाचा अर्थ 'सौम्य बळ'. जुन्या इंग्रजीतले दोन शब्द शेजारी शेजारी ठेवून ते झालेलं आहे. मिल्ड्रेड चॅलनरला ओळखणारे म्हणत, बाप्तिस्म्याच्या वेळी त्यातला सौम्यपणा पाद्र्याच्या हातून पाण्यात पडला असावा, बळ तेवढं शाबूत राहिलं. तिच्या धाकट्या भावाचं नाव आल्फ्रेड, म्हणजे 'यक्षांचा सल्ला'. आल्फने साठ वर्षांत दिलेला एकही सल्ला कुणाच्या उपयोगी पडला नव्हता. बहीणभाऊ दोघेही बिनलग्नाचे. श्रॉपशरमधल्या विस्टनब्रुक गावात एकाच घरात राहत, आणि चहा कडक की फिका यावरून रोज भांडत.

नावांचे असे अर्थ मिल्ड्रेडला शेकड्याने पाठ होते. शाळेत मास्तरीण असताना पहिल्या दिवशी हजेरी घेता घेता ती पोरांना त्यांच्या पूर्वजांचे धंदे सांगायची. "फ्लेचर? बाण करणारे तुम्ही. वेनराइट? गाड्या बांधणारे. क्राउदर? सारंगी वाजवणारे, आणि म्हणूनच तुला एका जागी बसवत नाही." निवृत्त झाल्यावर सगळा जोर स्वतःच्या आडनावावर आला. चॅलनर म्हणजे घोंगड्या विणणारे. आडनाव फारसं आढळत नाही, त्यामुळे सगळ्या चॅलनरांना एकत्र आणायचं तिने मनावर घेतलं. बघता बघता 'चॅलनर कुल मंडळ' उभं राहिलं आणि जूनच्या शेवटच्या शनिवारी गावाच्या हॉलमध्ये भाऊबंदांचा मेळावा भरू लागला.

मेळाव्याचं मुख्य आकर्षण म्हणजे वंशावळ. भिंतीला लावायच्या कागदाची अख्खी गुंडाळी उलटी करून तिच्या कोऱ्या बाजूवर मिल्ड्रेडने ती लिहिली होती. हॉलच्या एका भिंतीला ती पुरत नसे, कोपऱ्यात वळून चहाच्या बंबापर्यंत जाई. ज्याचा पुरावा मिळाला ते नातं शाईच्या रेघेने दाखवायचं, आणि ज्याचा नाही ते पेन्सिलीच्या ठिपक्यांनी. ठिपकेवाल्या लोकांकडे शाईवाले जरा वरूनच बघत. गंमत म्हणजे मिल्ड्रेडच्या स्वतःच्या शाखेच्या मुळाशी ठिपकेच होते. तिचे खापरपणजोबा ल्यूक चॅलनर कुणाचे, ते सापडत नव्हतं. पण सेक्रेटरीला कोण विचारणार!

मंडळाचे नियम अर्थातच तिनेच लिहिलेले. त्यातला चौथा असा होता: 'जन्माने चॅलनर असेल त्यालाच सभासद होता येईल.' मागच्या वर्षी बर्मिंगहॅमच्या नेव्हिल चॅलनर नावाच्या बस ड्रायव्हरने अर्ज केला होता. त्याची आई विधवा, तिने दुसरं लग्न केलं, आणि नव्या वडिलांनी सात वर्षांच्या नेव्हिलला आपलं आडनाव दिलं. स्वयंपाकघरातल्या टेबलाशी बसवून ते गृहस्थ त्याला रोज संध्याकाळी नव्या नावाची सही गिरवायला लावायचे, असं त्याने लिहिलं होतं. पत्र तीन पानी होतं. मिल्ड्रेडने चार ओळींचं उत्तर पाठवलं. चौथी ओळ होती, 'आपली, मिल्ड्रेड चॅलनर, सेक्रेटरी.'

यंदाच्या मेळाव्यात मिल्ड्रेडला मंडळाची अध्यक्ष करायचं ठरलं होतं. तिने त्यासाठी निळी हॅट घेतली होती आणि ती घालून दोनदा आरशात पाहूनही झालं होतं. आणि मंगळवारी, मेळाव्याला चार दिवस असताना, जिल्ह्याच्या दफ्तरखान्यातून पाकीट आलं. ल्यूकची बाप्तिस्म्याची नोंद अखेर सापडली होती. मिल्ड्रेडने शाईची दौत जवळ ओढली आणि मग नक्कल वाचली.

'१८ ऑक्टोबर १७९४. ल्यूक. चर्चच्या देवडीत टाकलेलं तान्हं मूल, आईबाप अज्ञात. सेंट ल्यूकचा दिवस म्हणून नाव ल्यूक. मुलाला घरी नेऊन सांभाळणारे चर्चचे कारभारी टॉमस चॅलनर, त्यांच्यावरून आडनाव.'

तिने ती तीनदा वाचली. मग दौतीला झाकण लावलं.

आल्फ परसात वाटाण्याच्या वेलांना काठ्या लावत होता. तिने कागद त्याच्या नाकासमोर धरला. त्याने तो हात लांब करून वाचला आणि असा हसला की हातातली काठी मोडली.

"हसतोस काय, मेल्या?"

"अगं, तीस वर्षं सगळ्या गावाला आपण घोंगडीवाले म्हणून सांगत हिंडलीस, आणि आपण निघालो देवडीवाले!"

"आल्फ, हे चेष्टेवारी न्यायचं नाही. मी चॅलनर नाही. तूही नाहीस."

"मग मी कोण?"

"कोण जाणे! तेच तर."

तिचा आवाज कापला तशी आल्फने मोडकी काठी खाली टाकली. मिल्ड्रेडचा आवाज कापलेला त्याने आईच्या दफनाच्या दिवशीसुद्धा ऐकला नव्हता. त्याने हात पँटला पुसले.

"माझं ऐकशील? कागद ठेव खणात. ठिपके आहेत तसे राहू देत. शनिवारी अध्यक्ष हो, हॅट घाल, केक काप. कुणाला कळतंय?"

"हा तुझा सल्ला?"

"यक्षांचा," आल्फ म्हणाला.

खरं सांगायचं तर तो सल्ला मिल्ड्रेडला पटला. बुधवारी पटला, गुरुवारी आणखी पटला. खोटं काहीच बोलायचं नव्हतं, फक्त गप्प बसायचं होतं. पण शुक्रवारी ती सभासदांची फाईल लावायला बसली आणि नेव्हिलचं तीन पानी पत्र हाताला लागलं. स्वयंपाकघरातलं ते टेबल तिने पुन्हा वाचलं. त्यानंतर मात्र तिने निळी हॅट कपाटात ठेवून दिली.

शनिवारी हॉल फुलून गेला. काकडीची सँडविचेस, स्कोन नावाचे छोटे गोडसर पाव, त्यावर जॅम आधी की साय आधी यावरून नेहमीची जुंपलेली. चेल्टनमहून बिअॅट्रिस चॅलनर-प्राइस आल्या. बिअॅट्रिस म्हणजे 'आनंद आणणारी'. तो आनंद त्या परत जाताना होतो, असं मिल्ड्रेडचं मत होतं. बाईंनी प्राइस नावाच्या सर्जनशी लग्न केलं, पण माहेरचं आडनाव सोडलं नाही, नवऱ्याचं मागे जोडून घेतलं. चर्चचे कारभारी टॉमस थेट त्यांच्या शाखेतले, त्यांच्या खापरपणजोबांचे वडील. त्यांची शाखा वरपासून खालपर्यंत शाईची, आणि हे त्या दर वर्षी वंशावळीसमोर उभं राहून चहाचा कप संपेपर्यंत न्याहाळत.

"अजून ठिपकेच का, मिस चॅलनर?" त्यांनी विचारलं.

"आज निकाल लागेल," मिल्ड्रेड म्हणाली. तिच्या डोक्यावर हॅट नव्हती.

सभा सुरू झाली. अध्यक्षपदासाठी तिचं नाव पुकारलं गेलं, टाळ्या पडू लागल्या, आणि तिने हात वर करून त्या थांबवल्या. आल्फने दाराजवळून मान हलवून 'नको, नको' केलं. तिने पाहिलं न पाहिल्यासारखं केलं आणि पर्समधून कागद काढून मोठ्याने वाचला. वर्गात हजेरी घ्यावी तसा तिचा आवाज खणखणीत होता, फक्त 'आईबाप अज्ञात' पाशी एकदा अडला.

"चौथा नियम सगळ्यांना ठाऊक आहे," ती म्हणाली. "तो मी लिहिला. त्यापायी मी एका भल्या माणसाला दारातूनच परत पाठवलं. आज त्याच नियमाने मी बाहेर." तिने टेबलावरची कात्री उचलली, वंशावळीपाशी गेली, आणि ल्यूकच्या वरच्या ठिपक्यांवर पातं ठेवलं.

हॉलमध्ये नुसता चहाचा बंब खदखदत होता.

"खबरदार!" बिअॅट्रिसबाई उठल्या. त्यांच्या मांडीवरची बशी खाली पडली, स्कोन घरंगळत कुणाच्या तरी बुटापाशी गेला. "ठेव ती कात्री, मिल्ड्रेड!"

इतक्या वर्षांत बाईंनी तिला पहिल्यांदाच नावाने हाक मारली होती.

"मिसेस प्राइस, नियम म्हणजे नियम."

"नियम गेला खड्ड्यात! त्या देवडीत थंडीनं काकडणारं ते पोर कुणी उचललं? माझ्या टॉमसनं. पदरची चार लेकरं असताना घरी नेलं आणि वर आपलं नाव दिलं. दोनशे वर्षं होत आली त्याला. त्यानं दिलेलं परत करणारी तू कोण गं?"

मिल्ड्रेडने कात्रीचं पातं ठिपक्यांवरून उचललं.

"आम्हाला सगळ्यांना हे नाव आयतं मिळालं," बाई जरा खालच्या आवाजात म्हणाल्या. "पाळण्यात पडल्या पडल्या. त्यात आमचं काय कर्तृत्व? ल्यूकला मात्र कुणीतरी डोळ्यांनी बघून, हातात घेऊन, मुद्दाम दिलं. मला तर आत्ता हेवा वाटतोय तुझा. आणि हे मी पुन्हा म्हणणार नाही."

मागून कुणीतरी टाळी वाजवली. तो आल्फ होता. मग सगळ्यांनीच वाजवल्या. मिल्ड्रेडने कात्री खाली ठेवली, रुमाल शोधला, तो सापडला नाही, तेव्हा बिअॅट्रिसबाईंनी आपला पुढे केला. त्यावर कोपऱ्यात आडनावाचं पूर्ण भरतकाम होतं, जोडरेघेसकट.

चौथा नियम जागच्या जागी बदलला: 'जन्माने मिळालेलं असो वा मायेने दिलेलं, चॅलनर हे नाव लावणारा प्रत्येकजण सभासद होऊ शकतो.' लगेच पुन्हा अध्यक्षपदासाठी तिचं नाव पुकारलं गेलं.

"पाच मिनिटं थांबा," मिल्ड्रेड म्हणाली. "मला आधी एक फोन करायचाय."

हॉलच्या बोळातल्या फोनवरून तिने बर्मिंगहॅमचा नंबर फिरवला. बोलायला सोपं काहीच नव्हतं, म्हणून ती सरळ बोलली. "मिस्टर चॅलनर? मी विस्टनब्रुकहून मिल्ड्रेड चॅलनर. मागच्या वर्षी मी तुम्हाला एक पत्र लिहिलं होतं. ते चुकीचं होतं. आज मेळावा आहे, तुम्ही याल?"

पलीकडून नेव्हिलचा आवाज आला. "बाई, मी आत्ताच ड्यूटीवरून आलोय. अंगावर गणवेश आहे."

"तसेच या. केक कापायचा ठेवते."

तो साडेचारला आला. सहा फुटांच्या वर उंच, काखेत ड्रायव्हरची टोपी. दारातच घुटमळला. चाळीस चॅलनर एकदम आपल्याकडे बघताहेत म्हटल्यावर कुणीही घुटमळेल. आल्फने पुढे होऊन त्याचा हात धरला. "या, या. आम्हीपण आजच आत आलोय."

मिल्ड्रेड त्याला वंशावळीपाशी घेऊन गेली. ल्यूकच्या वरचे ठिपके खोडरबराने गेले होते. तिथे टॉमसपासून खाली शाईची रेघ आली होती, अजून ओलसर. पुढे उजव्या बाजूला, बर्मिंगहॅमच्या शाखेत, त्याच्या वडिलांचं नाव तिने आधीच शोधून ठेवलं होतं. त्याच्याखाली तिने तशीच दुसरी रेघ ओढली.

"बाई, ही पण शाईची?" नेव्हिलने विचारलं. "माझ्याकडे पुराव्याचा कागद नाही."

"माझ्याकडे आहे. तीन पानी."

तिने पेन त्याच्या हातात दिलं. "मी लिहिणार नाही. तुम्हीच लिहा."

नेव्हिल वाकला. टोपी कुठे ठेवावी कळेना, म्हणून त्याने ती बिअॅट्रिसबाईंकडे दिली, आणि बाईंनी ती दोन्ही हातांत धरली. मग त्याने जिभेचं टोक दातांत धरून, एकेक अक्षर सावकाश, वळणदार काढत आपलं पूर्ण नाव लिहिलं. लिहून झाल्यावर तो मागे सरला आणि, स्वयंपाकघरातल्या टेबलाशी सवय लागली असावी, कुणी तरी 'छान आलंय' म्हणेल म्हणून थांबला.

"छान आलंय," मिल्ड्रेड म्हणाली.