पातळ ऑइल

चंद्रभान गावंडे चिंतामण वकिलांकडे ड्रायव्हर म्हणून लागला, तेव्हा त्याला जेमतेम मिसरूड फुटलं होतं. त्यानंतर एकतीस वर्षं त्याने त्या घरच्या गाड्या चालवल्या. आधी डिझेलची अँबॅसेडर, मग जीप, मग एकामागून एक दोन मोटारी. अमरावतीहून अकोला, यवतमाळ, नागपूर, जिथे तारीख असेल तिथे. त्या एकतीस वर्षांत आपल्या हाताखालची गाडी एकदाही रस्त्यात उभी राहिली नाही, हे तो चहाच्या टपरीवर कोणी विचारो न विचारो, सांगायचाच.

त्याचा सगळा जीव ऑइलमध्ये. इंजिनातली सळई ओढून काढायची, टोकावरचा थेंब अंगठा आणि बोटात धरायचा आणि बोटं हळूहळू लांब करायची. तार धरली तर ऑइल चांगलं. रुक्मिणीनगरातले शेजारीपाजारी आपल्या गाड्यांचं ऑइल बदलायच्या आधी त्याला विचारायला यायचे. "वीस-पन्नास टाका, डोळे मिटून टाका," तो सांगायचा. वीस-पन्नास म्हणजे जाड ऑइल. वऱ्हाडच्या उन्हाळ्यात तेच टिकतं, असा त्याचा अनुभव होता, आणि जुन्या गाड्यांच्या बाबतीत तो खराही होता.

वकीलसाहेब वारले. त्यानंतर वर्षभराने त्यांच्या मुलाने, केयूरने, जुनी गाडी काढली आणि नवी पेट्रोलची आणली. केयूरही वकील. गाडी छोटी, पण टर्बो इंजिनाची. पाय ठेवायचा अवकाश, पळत सुटायची. चंद्रभानला ती आवडली. फक्त एप्रिलमध्ये तिची सर्व्हिसिंग झाली आणि त्याने सवयीप्रमाणे सळई काढून थेंब बोटावर घेतला, तेव्हा त्याचा चेहरा उतरला. थेंब बोटावरून पाण्यासारखा ओघळून गेला.

तो तसाच वर केयूरच्या ऑफिसात गेला.

"केयूरभाऊ, फसवलं जी तुमाले त्याईनं. हे आईल हाय का गोडेतेल?"

केयूर फाइलमधून डोकं वर न काढता हसला. "काका, या गाडीला पातळच लागतं. पुस्तकात तसंच लिहिलंय. तुम्ही नका काळजी करू."

काळजी करू नका म्हटल्याने काळजी जाते थोडीच? मे उजाडला. पारा शेहेचाळिसावर गेला. बोनेटला हात लावला की चटका बसायचा आणि चंद्रभानच्या डोळ्यांपुढे आतलं ते पाणी यायचं. शेवटी एका दुपारी, कोणाला काही न सांगता, तो गाडी घेऊन नत्थुजीकडे गेला. नत्थुजी त्याचा जुना दोस्त, वलगाव रोडवर त्याचं गॅरेज.

"पुस्तकात काय लिवलं हाय?" नत्थुजीने विचारलं.

"पुस्तक लिवणाऱ्यानं आपला मे महिना पाह्यला हाय काय?"

"तसं नोको करू, चंद्रभान. नव्या गाड्याईचं येगळं रायते म्हणतात."

"म्हणतात! तू पाह्यलं काय? खोल नट."

नत्थुजीने नट खोलला. सव्वा महिन्याचं नवंकोरं ऑइल डब्यात गेलं आणि इंजिनात वीस-पन्नास आलं. घरी परतताना इंजिनाचा आवाज जरा मऊ झालाय असं चंद्रभानला वाटलं. त्या रात्री त्याला कितीतरी दिवसांनी निवांत झोप लागली.

उन्हाळा गेला, पावसाळा गेला. गाडी काही बोलली नाही. दिवाळीनंतर थंडी पडायला लागली तेव्हा सकाळी गाडी सुरू करताना एक पिवळा दिवा लागायचा आणि इंजिन क्षणभर खडखडायचं. गाडी तापली की दिवा विझायचा. एकदोनदा केयूरला सांगावं असं चंद्रभानच्या मनात आलं. पण सांगितलं असतं तर गाडी सर्व्हिस सेंटरला गेली असती, आणि तिथे त्यांनी ऑइल पाहिलं असतं. पुढच्या सर्व्हिसिंगच्या आधी आपण गुपचूप त्यांचंच पातळ ऑइल परत टाकू, असं त्याने ठरवलं. आज करू, उद्या करू म्हणता म्हणता डिसेंबर आला.

डिसेंबरातल्या एका पहाटे पाचला गोदावरीबाईंचा फोन आला. गोदावरीबाई म्हणजे केयूरच्या आई, वकीलसाहेबांच्या पत्नी. वय चौऱ्याहत्तर.

"चंद्रभान, लवकर ये. जमुनेचं काही खरं नाही. अकोल्याला जायचंय."

जमुना ही त्यांची धाकटी बहीण. दोघी बहिणी तीन वर्षं एकमेकींशी बोलत नव्हत्या. वकीलसाहेब गेले तेव्हा दहाव्याच्या दिवशी, चारचौघांत, जमुनाबाई बोलून गेल्या होत्या, "ताई, भाऊजींना तू वेळेवर नागपूरला हलवलं असतंस तर ते वाचले असते." बाईंनी उत्तर दिलं नव्हतं. पण त्या दिवसापासून अकोल्याचा रस्ता बंद झाला होता. चंद्रभानला हे सगळं ठाऊक होतं. बाई मागच्या सीटवर बसून त्याच्याशी जेवढं बोलायच्या तेवढं घरात कोणाशी बोलत नसत.

आता जमुनाबाईंची सून अदिती फोन करत होती, की रात्रभर त्या एकच विचारत आहेत, ताई आली का.

केयूर आदल्या दिवशीच रेल्वेने नागपूरला हायकोर्टात गेला होता. चंद्रभान सहाला बाईंना घेऊन निघाला. पिवळा दिवा लागला. बडनेरा ओलांडलं तरी विझला नाही. मूर्तिजापूरजवळ गाडीची ताकद कमी व्हायला लागली; पाय कितीही दाबला तरी काटा चाळिसाच्या वर जाईना. मागून ट्रक हॉर्न देत पुढे जाऊ लागले.

"काय झालं रे?"

"काई नाई बाई. थंडीनं असंन."

बोरगाव मंजूच्या अलीकडे इंजिनातून शिट्टीसारखा आवाज आला, पांढरा धूर निघाला आणि गाडी रस्त्याच्या कडेला बंद पडली. तिथून अकोलं उणंपुरं वीस किलोमीटर.

बाई म्हणाल्या, "एस.टी. येईल एखादी. हात करू या का?"

अकोल्याची एस.टी. खरंच येत होती, समोर दिसतही होती. आणि चंद्रभान म्हणाला, "दहा मिन्टं थांबा बाई. गाडी थंड झाली की सुरू होते. मी हाय ना."

बाईंनी मान डोलावली. एकतीस वर्षांचा विश्वास होता. एस.टी. निघून गेली.

दहा मिनिटांची पन्नास मिनिटं झाली. चंद्रभानने बोनेट उघडलं, मिटलं, पुन्हा उघडलं. स्टार्टर मारून मारून बॅटरीही बसली. तेवढ्यात अदितीचा फोन आला. तिने फोन जमुनाबाईंच्या कानाला लावला असावा, कारण बाई एकदम मोठ्याने बोलू लागल्या. "जमे, मी निघालेय गं. जवळच आहे. बोरगावला आहे. डोळे मिटू नकोस. ऐकतेस ना?" पलीकडून काय उत्तर आलं ते चंद्रभानला कळलं नाही. बाईंनी फोन खाली ठेवला आणि पदराने चष्मा पुसला.

शेवटी वरूडहून संत्री घेऊन निघालेली एक पिकअप थांबली. चंद्रभानने बाईंना पुढच्या सीटवर चढवलं, स्वतः मागे क्रेटवर बसला. जठारपेठेतल्या त्या घरासमोर ते पोचले तेव्हा दारात चपलांचा ढीग पडला होता. अदिती धावत बाहेर आली आणि बाईंच्या गळ्यात पडली.

"मावशी, आत्ताच गेल्या हो. अर्धा तास झाला. दाराकडेच बघत होत्या."

चंद्रभान फाटकाशीच थांबला. अर्धा तास. त्याला ती एस.टी. दिसत होती, लाल, कडेचा धुरळा उडवत जाणारी.

दुसऱ्या दिवशी गाडी ओढून अकोल्याच्या वर्कशॉपमध्ये नेली. तिथे वर्षाली नावाची पोरगी इंजिनांचं काम बघायची, पंचवीस-सव्वीसची, हाताला काळं लागलेलं. तिने ऑइल एका पारदर्शक बाटलीत काढलं आणि उजेडात धरलं.

"हे कोणी टाकलं?"

चंद्रभानने बाटलीवरची नजर दुसरीकडे वळवली.

"काका, या इंजिनात ऑइलचे रस्ते केसासारखे बारीक असतात. टर्बो म्हणजे इंजिनात हवा कोंबणारा पंखा, तो मिनिटाला लाखाच्या वर फेरे घेतो. थंडीत सकाळी हे जाडं ऑइल तिथपर्यंत लवकर पोचतच नाही. तेवढा वेळ तो कोरडा फिरतो. रोज थोडा थोडा घासला गेला." तिने टर्बोची आतली दांडी हलवून दाखवली. दात हलावा तशी ती हलत होती. "पुस्तकात जे ऑइल लिहिलंय तेच असतं तर गाडीला काही झालं नसतं."

चंद्रभानने बाटलीतला एक थेंब बोटावर घेतला. तार छान धरली.

संध्याकाळी केयूर आला. मावशीच्या घरून तो वर्कशॉपला गेला आणि परतला तो संतापूनच. त्याने अंगणात खुर्ची ओढली आणि चंद्रभानला म्हणाला, "बघितलंत काका? अमरावतीच्या सर्व्हिस सेंटरने बिलात एक ऑइल लिहिलं आणि गाडीत दुसरंच टाकलं. मी सोडणार नाही. ज्याने ऑइल भरलं त्याची बिलावर सही आहे, कोणी कुलदीप म्हणून मेकॅनिक आहे. मॅनेजरशी बोललो मी. त्याला कामावरून काढलंय. ग्राहक मंचात नोटीस उद्याच."

कुलदीपला चंद्रभान ओळखत होता. बायको, दोन लहान पोरी, गाडी धुताना गाणी म्हणणारा माणूस. त्याने सगळं नेमून दिल्याप्रमाणे केलं होतं.

"केयूरभाऊ, ते आईल मी बदललं."

"कधी?" केयूरने विचारलं.

"मेमंदी. नत्थुजीच्या गॅरेजवर. त्या पोराचा काई दोष नाई. दिवा लागत होता तोयी मीच लपवला."

केयूर ओरडला असता तर बरं झालं असतं. तो उठला, फोन काढला, बाजूला जाऊन मॅनेजरशी बोलला. परत येऊन एवढंच म्हणाला, "कुलदीपला उद्यापासून परत घेतायत." मग जरा थांबून, "आईला मी सांगत नाही. तुम्हीही सांगू नका."

पण ते चंद्रभानला पेलवलं नाही. बाई तेरा दिवस अकोल्यातच राहणार होत्या. तो रोज एस.टी.ने अमरावतीहून काही ना काही सामान घेऊन यायचा, आणि त्या त्याला म्हणायच्या, "तू तरी काय करणार रे, यंत्र आहे. जमुनेची आणि माझी भेट नशिबातच नव्हती." पाचव्या दिवशी त्या मागच्या ओट्यावर एकट्या बसल्या होत्या. तो समोर जाऊन जमिनीवर बसला आणि सगळं सांगून टाकलं. एस.टी.चंही सांगितलं, जणू त्यांना ते आठवत नसेल.

बाईंनी चष्मा काढून मांडीवर ठेवला.

"हे मला कशाला सांगितलंस चंद्रभान?"

"तुमच्यापाशी खोटं ठेवून कसा राहू बाई?"

"तुझं मन हलकं झालं. माझं काय?" त्यांचा आवाज चढला नाही. "नशीब म्हणून मी गिळून बसले होते. नशिबावर रागावता येत नाही, म्हणून ते बरं असतं. आता मला रोज वीस-पन्नास की काय ते आठवेल. तुझं तोंड आठवेल."

तो रडू लागला.

"जमुना मला जे बोलली, ते मी तुला बोलणार नाही," त्या म्हणाल्या. "एक वाक्य माणसाला किती वर्षं पुरतं ते मला ठाऊक आहे. पण मनात येतं रे. येऊ नये म्हटलं तरी येतं. जा तू आता."

तेराव्यानंतर गाडी दुरुस्त होऊन आली. चंद्रभानच बाईंना घ्यायला गेला. परतीच्या वाटेवर, पूर्वी ज्या शेताशी, ज्या फाट्याशी बाई काही ना काही बोलायच्या, तिथून गाडी मुकाट पुढे गेली. बोरगाव मंजू आलं तेव्हा त्याने आरशात पाहिलं. बाईंनी डोळे मिटून घेतले होते. मूर्तिजापूरला त्याने विचारलं, "चहा घ्याचा काय बाई?"

"नको. चल तू."

रुक्मिणीनगरात फाटकाशी गाडी थांबली. त्याने दार उघडलं, हात पुढे केला. बाईंनी हात धरला, उतरल्या, आणि हात सोडायच्या आधी म्हणाल्या, "तू वाईट माणूस नाहीस. कोणी तसं म्हटलं तर मी भांडेन. पण मला तुझ्या मागे बसवत नाही रे आता."

"समजलं बाई."

"माझा राग धरू नकोस."

"मी कायले धरू जी?"

बाई आत गेल्या. त्याने गाडी शेडमध्ये लावली, काच पुसली, मागच्या सीटवर राहिलेली त्यांची शाल घडी करून केयूरच्या हातात दिली आणि तिच्यावर किल्ली ठेवली. केयूर म्हणाला, "काका, थोडे दिवस जाऊ द्या. मग बघू." दोघांनाही माहीत होतं की बघण्यासारखं काही उरलेलं नाही.

चंद्रभान चालत वडाळीला घरी गेला. त्याची बायको माया अंगणात तुरीच्या शेंगा सोलत बसली होती. भर दुपारी त्याला पाहून तिने हात थांबवला.

"आज लवकर आले? सुट्टी देल्ली काय?"

"हो."

"किती दिवसाची?"

तो तिच्याजवळ बसला. शेंगांचा एक ढीग स्वतःकडे ओढून घेतला आणि सोलू लागला. अर्धा ढीग संपला तेव्हा कुठे त्याच्या तोंडून पहिला शब्द फुटला. माया ऐकत राहिली. मध्येच तिने त्याच्या हातातली शेंग काढून घेतली, कारण त्याच्या हातातून दाणे बाहेर मातीत पडत होते आणि त्याचं तिकडे लक्ष नव्हतं.