नीलम्माचा सा

ताडकळसच्या मठात शिवरात्रीला मुलं भजन म्हणायची आणि ते मी बसवायची. गावात माझ्याइतका सूर कुणाला कळत नव्हता, हे सांगायला मला कधी लाज वाटली नाही. पेटी मात्र कापडवाले लिंगराजअप्पा वाजवायचे. त्यांना एकाच पट्टीवरून वाजवता यायचं. सगळ्यांचा सा तोच. त्यांची लेक नीलम्मा हिचा आवाज खर्जातला. बापाच्या पट्टीत गाताना तो फाटायचा. शिवरात्र तोंडावर आली तेव्हा त्यांनी पोरीला बेसूर ठरवून भजनातून काढलं. ती रडली नाही. तिनं बोलणंच टाकलं. माझं डोकं फिरलं.

नीलम्मासकट सगळी पोरं घेऊन मी अप्पांच्या दुकानात गेले. सा धरून प लावला की हात वर करायचा, हा खेळ पोरांना जमला होता. पण सा हलला की प कुठं जातो, ते कुणाला उमगत नव्हतं. अप्पांना म्हटलं, ताग्याच्या टोकापासून गजभर कापड मोजा. त्यांनी मोजलं. म्हटलं, आता मधूनच मोजा.

"अक्का, गज कुटूनबी लावा, गजच ऱ्हातो," ते वैतागून म्हणाले.

"मंग सा ते प बी गजच हाय, अप्पा. पोरीला तिच्या जागेवरून मोजू द्या."

पोरांना डोळे मिटायला सांगितले. आधी मी उंच सा लावला, तिथून प. हात वर आले. मग नीलम्मानं अगदी खाली, आपल्या जागी सा धरला आणि तिथून प लावला. पुन्हा सगळे हात वर. अप्पांचाही, हातातल्या मोजायच्या गजासकट. गिऱ्हाईक हसलं, तसा त्यांनी तो खाली घेतला आणि ते कापड फाडायला लागले.

शिवरात्रीला नीलम्मा भजनाच्या पोरांपासून लांब, बायकांत बसली होती. अप्पांनी पेटी उघडली, नेहमीच्या पट्टीवर बोट ठेवलं आणि उचललं.

"नीले, पुढं ये. तुजा सा दे," ते म्हणाले.

तिनं दिला. भरल्या मठात ते एका बोटानं पट्ट्या चाचपत बसले. लोक खाकरले, कुजबुजले, पण अप्पा हलले नाहीत. तिचा सा सापडला, मग प सापडला. तिथून अख्खं भजन वाजवणं काही त्यांना येत नव्हतं. शेवटपर्यंत त्यांनी त्या दोनच पट्ट्या दाबल्या, आणि नीलम्मा मोकळ्या गळ्यानं गात राहिली.