भिवाजीची मिशी

फ्लेक्सवरच्या माणसाला पल्लेदार मिशी होती, कमरेला तलवार होती, डोक्यावर फेटा होता. चतुराबाईनं त्याच्याकडं किडकं वांगं बघावं तसं बघितलं.

"ह्यो कोन?"

"तुमचे आजोबा, मावशी! मूकपटांचे महान नट भिवाजी," व्यंकटराव म्हणाले. कळमनुरीतल्या नव्या सभागृहाला भिवाजीचं नाव देणाऱ्या समितीचे ते अध्यक्ष. भिवाजीचा एकही चित्रपट त्यांनी पाहिला नव्हता. हयात असलेल्या कुणीच पाहिला नव्हता. रिळं केव्हाच जळून गेली होती. त्यामुळं व्यंकटरावांना बोलायला मोकळं रान होतं.

"मी त्याचा नथ घातलेला फोटो दिल्ता."

"चेहरा तोच घेतलाय. बाकीचं कॉम्प्युटरवर बसवलं. उद्या आमदारसाहेब येऊन राहिले. राणीच्या वेशात लावला तर लोक हसतील."

"तवाबी हसले व्हते."

नुसतं हसण्यावर भागलं असतं तरी चाललं असतं. बायका पडद्यावर येत नव्हत्या त्या काळात भिवाजीनं राणीच्या कामासाठी मिशी उतरवली. मिशी उतरवायची ती बाप गेल्यावर. ह्याचा बाप तर धडधाकट होता. गावातले शहाणे बापाच्याच दारात सांत्वनाला गेले: "कवा गेलात?" त्या थट्टेनंतर बापानं पोराला उंबरा चढू दिला नाही. भिवाजीनं मुंबईत सात राण्या केल्या. मग बायका कामाला आल्या आणि कंपनीनं त्याला नकली मिशी चिकटवून द्वारपाल केलं. ती त्यानं उपटून मॅनेजरच्या टेबलावर ठेवली आणि गाव गाठलं.

"जी मिशी लावली म्हणून त्यानं शिनेमा सोडला, तीच तुमी त्याला लावली," चतुराबाई म्हणाली. "पुसा ती."

"छपाई झाली आता. तुमी फक्त पडदा ओढा. शाल हाये, नारळ हाये."

"माईक हाये का?"

"बोला की दोन शब्द! बराबर आमदारांच्या आधी ठेवतो." म्हातारी शालीवर पटली, असं व्यंकटरावांना वाटलं. माणूस शालीवर पटतो, हा त्यांचा स्वतःवरून आलेला अनुभव होता.

दुसऱ्या दिवशी चतुराबाईनं पडदा ओढला, टाळ्या वाजल्या. तिनं माईक धरला.

"ह्यो मिशीवाला आमच्या घरचा न्हाई. माजा आजा राणी व्हायचा. पयल्या शिनेमात राजानं राणीला उचलायचं व्हतं. राजा निघाला काडीपैलवान. शेवटी राणीनंच राजाला उचलून म्हालात नेलं."

सभागृहात हशा फुटला. आमदारही हसले. व्यंकटराव तेवढे तोंड पाडून तिच्या कानाशी आले. "मावशी, आटपा."

"काहून? आत्ता कुठं लोक माज्या आज्याला हसून राहिले," ती माईकमधूनच म्हणाली. "त्या मिशीवाल्याला कोन हसन? बसा खाली."

हसू ओसरेपर्यंत ती थांबली, आणि दुसऱ्या राणीकडं वळली.