आज वार कोणता?

मी एक बादली. हसायचं असेल तर आत्ताच हसून घ्या, पुढे फारशी संधी मिळायची नाही. कुणा शूर खेळाडूची कहाणी ऐकायला आला असाल, तर तीही माझ्याकडे आहे. पण ती मी माझ्या पद्धतीनं, माझ्या कुरकुरीसकट सांगणार.

माझा जन्म ओहायोतल्या टॅरंट गावचा, नदीकाठच्या बादल्यांच्या कारखान्यातला. पत्रा कापला, वळवला, बूड ठोकून बसवलं आणि वितळलेल्या जस्तात मला बुचकळून काढलं. कढईपाशी जो उभा होता त्याच्या चिमट्यातून मी सटकले, दगडी फरशीवर आपटले आणि पोटाला पोचा आला. "गेली ही कामातून," तो म्हणाला आणि ओशाळून हसला. तो ओन्द्रेय ह्रुश्का. स्लोवाक गडी, दारातून तिरका होऊन शिरावं लागेल एवढे खांदे, आणि आवाज मात्र देवळात बोलल्यासारखा हळू.

पोचा आलेली बादली दुकानात जात नाही. मुकादम ऑटो रीमर यानं मला लाथेनं बाजूला सारलं, मग काय मनात आलं कोण जाणे, वाकून उचललं. हा रीमर सहा दिवस मुकादम आणि रविवारी गावच्या फुटबॉल संघाचा कप्तान. "पाण्याला होईल," म्हणाला. अशी मी संघात भरती झाले. ओन्द्रेय माझ्या आधीपासूनच होता.

आमच्याकडचा फुटबॉल पायानं कमी आणि डोक्यानं जास्त खेळतात. म्हणजे अक्कल लावून नव्हे हो. चेंडू छातीशी घट्ट धरायचा, मान खाली घालायची आणि समोर उभ्या असलेल्या माणसांच्या भिंतीत डोकं घालून घुसायचं. ते काम ओन्द्रेयचं. चामड्याची टोपी मिळायची, पण ती कानांवर बसली की कप्तानाची हाक ऐकू येत नाही म्हणून तो ती काढून माझ्या शेजारी फेकायचा.

मला सांभाळायचा इव्हान प्रॉसर. हा म्हातारा वेल्श, लोखंडाच्या कारखान्यात उजव्या हाताची दोन बोटं देऊन निवृत्त झालेला. संघाचा वैद्य, सेवक, शिंपी, सगळं तोच. त्याचा दवाखाना म्हणजे मी, एक स्पंज आणि हुंगायची एक उग्र बाटली. कुणी आडवा झाला आणि उठेना, की प्रॉसर मला घेऊन धावायचा, मी त्याच्या विजारीवर हिंदकळत, आणि गार पाणी त्या पडलेल्याच्या डोक्यावर भस्सकन ओतायचा. माणूस धडपडत उठून बसायचा. मग प्रॉसर विचारायचा, "आज वार कोणता?"

"रविवार."

"शाब्बास! ठीक आहे हा. खेळू दे."

लोक टाळ्या वाजवायचे. मला वाटायचं, माझ्यासाठीच वाजवतात. खोटं कशाला बोलू, फार माज होता मला. डॉक्टर गावात दोन होते, पण माणसं उठवायची मी.

उठवण्याची घाईही असायचीच. नियम असा होता की एकदा बाहेर गेलेल्या खेळाडूला त्या अर्ध्या खेळात परत येता येत नसे. मोठ्या शहरांचे संघ वीस-वीस माणसं घेऊन यायचे. आमचे सगळे मिळून चौदा, त्यांतला एक कायम लंगडा. त्यामुळे पाय मुरगळलेला खेळायचा, बरगडी दुखावलेला खेळायचा, आणि ज्याला रविवार आठवतो तो तर खेळायचाच.

ओन्द्रेयला कुणी जबरदस्ती करत नव्हतं, हेही सांगायला हवं. कारखान्यात त्याचं नाव कुणाला धड उच्चारता यायचं नाही. हजेरीला त्याला "एकोणीस नंबर" म्हणायचे, आणि मागून काय काय म्हणायचे ते मी सांगणार नाही. पण रविवारी तेच कारकून, तेच मुकादम कुंपणाला लटकून "ह्रुश्का! ह्रुश्का!" असं घसा फुटेस्तोवर ओरडायचे. एकदा मैदानाकडे जाताना तो प्रॉसरला म्हणाला, "काका, माझ्या बापाचं नाव एवढ्या लोकांच्या तोंडी येतंय. त्यानं जन्मात ऐकलं नसेल."

ऑक्टोबरात पहिला मोठा मार बसला. ओन्द्रेय पडला, मी ओतली गेले, त्यानं रविवार सांगितलं, गेला खेळायला. पुढच्या आठवड्यात दुसरा. तेव्हा मध्यंतरात तो सरळ समोरच्या संघाच्या बाकावर जाऊन बसला. काय हशा पिकला म्हणता! "अरे एकोणीस, सासर बदललंस की काय?" रीमर ओरडला. ओन्द्रेयही हसला, पण उशिरा, इतरांकडे बघून. मी बाकाखाली होते, मला त्याचे पाय दिसत होते. डाव्या बुटाची नाडी त्यानं तीनदा बांधली आणि तीनदा सोडली.

त्यानंतर दोन दिवसांनी त्याची बायको झुझाना प्रॉसरच्या शेडवर आली. प्रॉसर मला वाळूनं घासत होता. ती दारातच उभी राहिली, डोक्याचा रुमाल हनुवटीखाली आवळून.

"काका, त्याला या रविवारी बसवा."

"का गं पोरी? हरलो म्हणून रुसलीस?"

"थट्टा नको. काल कामावरून आला तो शेजारच्या घरात शिरला आणि जेवायला बसला. त्या बिचारीनं वाढलंसुद्धा. उजेड सोसत नाही म्हणून मी खिडक्यांना गोधड्या लावल्यात. खाल्लेलं पोटात ठरत नाही."

"डोक्याला मार लागला की चार दिवस होतं असं. मी विचारतो ना त्याला दर वेळी. एकदाही चुकला नाही."

"काय विचारता?"

"आज वार कोणता."

ती उंबरा ओलांडून आत आली. "तुमचे सामने असतात कधी?"

"रविवारी."

"सगळे?"

"सगळे. का बरं?"

"अहो काका, मग ते पोपटसुद्धा सांगेल!"

प्रॉसरनं घासायचं थांबवलं आणि उरलेल्या बोटांनी दाढी खाजवली. त्याच्या डोक्यात उजेड पडला हे मला दिसलं. पण इतक्या वर्षांची आपली तपासणी एका बाईनं दोन वाक्यांत निकालात काढली, हे त्याला गिळवेना.

"माझं नाव विचारा त्याला," झुझाना म्हणाली. "ते सांगितलं तर खेळू द्या. नाही सांगितलं तर घरी पाठवा. एवढंच मागते."

"अगं, भर मैदानात बायकोचं नाव विचारलं तर पोरं त्याला वर्षभर सुखानं जगू देणार नाहीत!"

"काका."

"बरं बाई, बरं. विचारीन. शब्द देतो."

शब्द दिला तो मनापासून दिला. पुढचे काही रविवार ओन्द्रेयला तसा मार बसलाच नाही, म्हणून विचारायची वेळ आली नाही. मला वाटलं, टळलं.

मग नोव्हेंबरच्या अखेरीस थँक्सगिव्हिंगचा सण आला. तो गुरुवारी असतो. कारखाना बंद, गाव रिकामं, म्हणून रीमरनं त्या दिवशी सरोवराकाठच्या मोठ्या शहराच्या संघाशी सामना ठरवला. त्या हंगामातला रविवारी नसलेला तो एकच सामना. सामने भरवणाऱ्या लीगवाल्यांनी कळवलं होतं की छोट्या गावांची गर्दी फार झालीय, पुढच्या वर्षी काहींना नारळ मिळणार. "आज जिंकलो तर आपल्याला काढायची त्यांची छाती होणार नाही," रीमर कपडे बदलायच्या खोलीत म्हणाला. "हरलो तर टॅरंट पुन्हा फक्त बादल्यांसाठी ओळखलं जाईल." मला ते लागलं, पण असो.

ओन्द्रेयनं सकाळी झुझानाला सांगितलं होतं की डोकं अगदी हलकं आहे. ती चर्चमधून परस्पर मैदानावर येणार होती.

थंडी अशी की माझ्या पाण्यावर बर्फाची साय धरली होती. मध्यंतरापर्यंत दोन्ही बाजू कोऱ्या. मध्यंतरानंतर ओन्द्रेय भिंतीत घुसला आणि पलीकडून कुणाचा तरी गुडघा आला. आवाज मला बाकापाशी ऐकू आला. सगळं मैदान चूप झालं.

प्रॉसर मला घेऊन धावला. बर्फासकट सगळं पाणी त्यानं ओन्द्रेयच्या डोक्यावर रिकामं केलं. ओन्द्रेयनं डोळे उघडले. मी त्याच्या तोंडाशीच होते, मी पाहिलं: एका डोळ्याची बाहुली टाचणीच्या डोक्याएवढी, दुसऱ्याची कोटाच्या बटणाएवढी.

"काका, आटपा!" रीमर खाली वाकून म्हणाला. "हा बाहेर गेला की गेला. बाकावर फक्त तो लंगडा उरलाय."

प्रॉसरनं तोंड उघडलं. तो आठवायचा प्रयत्न करत होता, शपथेवर सांगते. काहीतरी दुसरं विचारायचं होतं, हे त्याच्या कपाळावर दिसत होतं. पण पंच शिट्टी तोंडात धरून उभा, तीन हजार माणसं खोळंबलेली, आणि जीभ वर्षानुवर्षांच्या चाकोरीत गेली.

"ओन्द्रेय, आज वार कोणता?"

"रविवार," ओन्द्रेय म्हणाला.

"शाब्बास! ठीक आहे हा."

प्रॉसर म्हणाला, रीमरनं मान हलवली, शेजारच्या दोघांनी ओन्द्रेयला हात देऊन उभं केलं. एकाच्याही लक्षात आलं नाही. इतके रविवार हाच प्रश्न आणि हेच उत्तर ऐकून त्यांचे कान बधिर झाले होते. मला तोंड आहे, पण आवाज नाही. देवा, एकदाच दे, असं मी म्हणत होते. प्रॉसरनं मला उचललं तेव्हा माझी कडी तेवढी वाजली.

दोन खेळींनंतर पुन्हा चेंडू ओन्द्रेयकडे आला. तो घुसला, भिंत फोडून बाहेर पडला, आणि समोर कुणीच उरलं नाही. मैदानाच्या टोकाची रेषा ओलांडून तो पलीकडे गेला. सामन्यातले एवढेच गुण. लोक वेडे झाले, टोप्या उडाल्या, "ह्रुश्का! ह्रुश्का!" चाललं. पण तो थांबला नाही. चेंडू छातीशी धरून तसाच चालत राहिला, कुंपणापर्यंत, कुंपणाला टेकला आणि घसरत खाली बसला. प्रॉसर पोचला तेव्हा चेंडू त्याच्या हातातून सोडवावा लागला. माझ्यात पाण्याचा थेंब नव्हता.

त्याला कपड्यांच्या खोलीत घोंगडीवर निजवलं आणि डॉक्टरला माणूस धाडला. बाहेर सामना चालूच होता. झुझाना आली. तिनं गुडघे टेकले, त्याचा चेहरा दोन्ही हातांत धरला, हाका मारल्या. मग वर न बघता विचारलं, "माझं नाव विचारलंत?"

प्रॉसरच्या हातात टोपी गोल गोल फिरत होती. "घाई होती गं. नेहमीचंच विचारलं. पण बरोबर सांगितलं हो त्यानं! चटकन सांगितलं. रविवार म्हणाला."

झुझानानं मान वर केली. "काका," ती म्हणाली, "आज गुरुवार आहे."

मी त्या खोलीत कोपऱ्यात होते. प्रॉसरचा चेहरा मी पाहिला आणि तेव्हापासून रोज पाहते. तो भिंतीला पाठ लावून खाली बसला. "तो रविवार म्हणाला," तो पुटपुटला, "आणि मी म्हटलं, शाब्बास."

ओन्द्रेय शनिवारी दुपारी गेला. बोलला नाही, कुणाला ओळखलं नाही.

रविवारी सकाळी रीमर शेडवर आला. डोळे सुजलेले होते त्याचे, उगाच दगड म्हणणार नाही मी त्याला. "काका, आज सामना आहे. त्याच्या नावानं खेळायचं ठरलंय. बादली द्या."

प्रॉसर उठला. त्यानं मला जमिनीवर पालथी घातली, छिन्नी घेतली, हातोडा घेतला आणि माझ्या बुडात चार घाव घालून मुठीएवढं भोक पाडलं. दुखलं मला. पण त्या घावांचा राग आला नाही. "घे," तो म्हणाला. "ने आता."

रीमरनं त्या भोकाच्या काठावरून बोट फिरवलं. मग कारखान्याकडे गेला. तिथं बादल्यांना काय तोटा? दुपारपर्यंत संघाला दुसरी मिळाली.

ती कशी आहे, मी पाहिलेली नाही. मी इथंच शेडमागे पालथी असते. दर रविवारी दुपारी प्रॉसर येऊन माझ्यावर बसतो. मैदान दोन गल्ल्या पलीकडे आहे, इथवर आरडाओरडा ऐकू येतो. मधेच तो एकदम थांबतो. सगळं चूप. म्हणजे कुणीतरी पडलाय, आणि ती नवी बादली हिंदकळत धावत निघालीय. नवी आहे, तिला वाटत असेल आपण फार मोठं काम करतोय.

तेवढा वेळ म्हातारा श्वास रोखून धरतो. त्याचं सगळं वजन मला बुडावर जाणवतं. मग टाळ्या सुरू होतात, माणूस उठलेला असतो, आणि प्रॉसर माझ्यावर बसल्या बसल्या, कुणाला ऐकू जाणार नाही अशा आवाजात म्हणतो, "नका रे उठवू त्याला. पडू दे. घरी जाऊ दे."