गप्प बसायची नोकरी

मित्रांनो, मी एक जुना फ्रीज आहे. कारखान्यातून निघालो तेव्हा पांढराशुभ्र होतो. आता माझा रंग चहात बुडवलेल्या बिस्किटासारखा झाला आहे. भाजी, दूध आणि एका संगीतकाराला सांभाळण्यात माझा जन्म गेला.

हा संगीतकार स्वतंत्र चित्रपटांना पार्श्वसंगीत देई. स्वतंत्र चित्रपट म्हणजे ज्यात दिग्दर्शकच निर्माता असतो आणि त्याची मावशी नायकाची आई होते. संगीतकाराचा स्टुडिओ म्हणजे स्वयंपाकघराला लागून असलेली खोली, दाराला जाड रजया टांगलेली. माझी घरघर भिंतीतून माईकपर्यंत जाई, म्हणून रेकॉर्डिंगच्या आधी तो माझा प्लग काढी. परत लावायला विसरू नये म्हणून स्कूटरची किल्ली माझ्या पोटात ठेवी. पडद्यावर माझं नाव कधी आलं नाही, पण त्या सगळ्या चित्रपटांतली शांतता माझी आहे.

एका चित्रपटाच्या शेवटी एक म्हातारी रिकाम्या घरात गुणगुणते. त्यासाठी त्याला स्वतःच्या आईचाच आवाज हवा होता. आईच्या गळ्याचं ऑपरेशन दुसऱ्या दिवशी होतं. नंतर गाता येईलच, असं डॉक्टर सांगत नव्हते.

माझा प्लग निघाला. आई माईकसमोर बसली आणि तिचा सूर काही केल्या लागेना.

"आई, रोज तर छान गुणगुणतेस."

"रोज माझ्या तोंडासमोर हा दांडका नसतो." शेवटी ती उठली. "नाही जमत रे. बायकोकडून गाऊन घे."

"प्रेक्षक उठून जातील."

"ऐकू येतंय मला," बायको बाहेरून म्हणाली.

तो हिरमुसून माझा प्लग लावायला आला. मी घरघरू लागलो. आई ओट्याशी कांदा चिरायला उभी राहिली आणि आपल्याच नादात गुणगुणू लागली. सूर स्वच्छ होता, माझ्या घरघरीला टेकून उभा होता. इतकी वर्षं ती माझ्याकडूनच सूर घेत आली होती. हे तिला ठाऊक नव्हतं, आणि कानांवर पोट भरणाऱ्या तिच्या मुलालाही नव्हतं.

आता मात्र त्याच्या कानांना ते कळलं. तो पाय न वाजवता गेला आणि माईक उचलून ओट्याशी घेऊन आला.

दिग्दर्शकाने ऐकून विचारलं, "मागे हे काय वाजतंय?"

"साथ आहे."

"कोणाची?"

"घरातलाच आहे एक जण."

ऑपरेशननंतर आई बोलू लागली, पण गाणं परत आलं नाही. आता तीही नाही. स्वयंपाकघरात नवा फ्रीज आहे. तो अजिबात आवाज करत नाही, आणि त्याचं फार कौतुक होतं. मी मागच्या खोलीत रिकामा असतो, पण माझा प्लग लावलेला असतो.

"काय थंड करताय त्यात?" बायको अधूनमधून विचारते. तो माझा प्लग नीट आत दाबतो. मग ती खोलीचं दार हळूच ओढून घेते.

मित्रांनो, आवाज करते म्हणून एखादी जुनी वस्तू भंगारात काढायची झाली, तर घरातल्यांना विचारत बसू नका. त्यांनाही ठाऊक नसतं. ती थोडा वेळ बंद करून ठेवा, आणि घरात कोणाचा सूर हरवतो ते ऐका.