लाल दोरा

मित्रांनो, माझ्या पट्ट्याला बांधलेला हा मळका लाल दोरा पाहून हसू नका. मी एक जुना व्हिडिओ कॅमेरा आहे आणि हा दोरा म्हणजे मला मिळालेली एकुलती एक पदवी आहे.

कारखान्यातून मी थेट माहितीपट बनवणाऱ्या एका ताईंकडे आलो. पहिली काही वर्षं मी पूल, उद्घाटनं आणि लांबलचक भाषणं टिपली. पुढे ताईंच्या मनाने घेतलं, की ज्यांची गोष्ट त्यांनीच ती टिपावी. म्हणून त्या मला टोपल्या विणणाऱ्यांच्या वस्तीत घेऊन गेल्या. या लोकांची स्वतःची बोली होती. बाजारात तिला सगळे हसत, म्हणून ती बिचारी घराबाहेर पडेनाशी झाली होती.

तिथल्या एका आजींच्या घशात गाठ झाली होती. आठवड्याभरात शस्त्रक्रिया होती आणि त्यानंतर त्यांचा आवाज कायमचा जाणार होता. त्यांच्या सुनेला ती बोली अर्धीमुर्धीच येत होती. आपल्या नुकत्याच बोलू लागलेल्या लेकीला आजीची बोली कोण ऐकवणार, याचा तिला घोर लागला होता. ताईंनी मला तिच्या हातात दिलं, तेव्हा माझा लाल दिवा लागलेलाच होता; तो लागला म्हणजे मी टिपतोय, हे सांगायचं मात्र ताई विसरल्या आणि निघून गेल्या.

आता खरी गंमत ऐका. या वस्तीत टोपली पुरी झाली की तिला लाल दोरा बांधतात. लाल म्हणजे काम संपलं. सुनेने तोच नियम माझ्या दिव्याला लावला. आजी धुतलेले कपडे घालून, केस चापूनचोपून बसवून, बाजारच्या भाषेत पाठ केल्यासारखं बोलल्या. तेवढा वेळ तिने दिवा विझवून ठेवला. बोलणं संपल्यावर मोठ्या समाधानाने तो लावला आणि मला फळीवर ठेवून ती विणायला बसली. मी सांगणार तरी कसं? मला फक्त पाहता आणि ऐकता येतं.

शस्त्रक्रियेनंतर सगळे पडद्यासमोर जमले. मुलाखतीचा पत्ताच नव्हता. 

"माझ्यामुळे गेलं हो ताई सगळं," सून म्हणाली.

मला अगदी मेल्याहून मेल्यासारखं झालं. तेवढ्यात पडद्यावर एक अर्धवट टोपली दिसली, चार हात दिसले आणि आजींचा खणखणीत आवाज आला. त्या आपल्या बोलीत सुनेची खरडपट्टी काढत होत्या. आधी हुरमी ओढ, मग तोंड चालव, असं बजावत होत्या. हुरमी म्हणजे टोपलीचा काठ पक्का करणारी शेवटची काडी. ती सुटली की सगळी टोपली उसवते. टेप संपेपर्यंत तासभर काड्यांची नावं, थट्टा आणि बोलणी असं सगळं त्याच बोलीत चाललं होतं.

आजींच्या मांडीवरची नात पडद्याकडे बोट दाखवून म्हणाली, "हुम्मी!"

आजींचे खांदे गदगदा हलू लागले. त्या हसत होत्या आणि त्यांच्या डोळ्यांतून घळाघळा पाणी वाहत होतं. मग उठून त्यांनी माझ्या पट्ट्याला हा दोरा बांधला.

आता मी कपाटात धूळ खात पडलो आहे. त्याचं वाईट वाटतं, खोटं कशाला बोलू? पण मित्रांनो, माझं एक ऐका. घरातल्या जुन्या माणसांना नीटनेटकं बसवून बोलायला लावू नका. ती कामात असताना जवळ बसा, बोलणी खा. ती नात आता शाळेत जाते आणि आईची हुरमी चुकली की आजीच्याच शब्दांत तिला रागावते.