पलीकडील लोकांची वर्दळ

रुपचंदशेठनी झेरॉक्स उजेडाकडे धरली आणि खालची सही ओळखून ते इतके खूश झाले, की सहीच्या वरचं वाचायचं राहूनच गेलं.

"बापूजींचीच," ते म्हणाले. "सांगत होतो ना? झुलत्या पुलासाठी अर्ज केला होता त्यांनी."

"पुलाबद्दल केला होता, काका," प्रज्ञा म्हणाली. "पुलासाठी नाही."

प्रज्ञा कॉलेजात इतिहास शिकवायची आणि पुलाच्या पन्नाशीची स्मरणिका तयार करत होती. बरोबर तिची आजी होती, द्रौपदाबाई. नदीपलीकडच्या वस्तीतलं जुनं माणूस म्हणून आज सकाळीच त्यांच्या आठवणी लिहून झाल्या होत्या. आता त्या दुकानाच्या गादीवर अंग चोरून बसल्या होत्या.

पांझरेवरच्या त्या पुलात बापूजींचा, म्हणजे जवरीलालशेठचा वाटा मुलाच्या सांगण्यात दरवर्षी वाढत आला होता. रुपचंदशेठ तरुण होते तेव्हा बापूजींनी मजुरांना नुसता चहा पाजला होता. पुढे त्यांनी सिमेंट दिलं. एका सत्कारात लोखंडी दोर दिले. गेल्या दिवाळीपर्यंत खुद्द मुंबईला जाऊन इंजिनिअर आणण्यापर्यंत मजल गेली होती. हयातीत बापूजी नाशिकच्या पुढे गेले नव्हते.

शेठनी चष्मा लावला. 'सदर पूल झाल्यास पलीकडील लोकांची वर्दळ वाढून पेठेच्या स्वच्छतेस व शांततेस बाधा पोहोचेल.' स्वच्छतेतला 'च्छ' दोनदा गिरवलेला होता. त्यांनी कागद गल्ल्यावर ठेवला आणि वर तळवा ठेवला.

"अक्षर मात्र सुरेख आहे," प्रज्ञा म्हणाली. "बापूजींना मराठी लिहिता येत नव्हतं, सही तेवढी मारवाडीत करायचे, असं तुम्हीच सांगितलंत. मग लिहिलं कुणी?"

"धनसिंग होता आमच्याकडे. दिवाणजी. त्यानंच लिहिलं असणार."

धनसिंगला जाऊन तीस वर्षं झाली होती. त्याची हरकत येण्यासारखी नव्हती.

"कोन, धनसिंग?" द्रौपदाबाईंनी मान वर केली. "तो दिवानजी कवय झाया? तो तं अंगठा करे, भाऊ. मना बाप नि तो संगेच गठ्ठा वाहेत तुमना दुकानमा."

प्रज्ञानं लिहिलेलं नाव खोडलं. शेठनी पंख्याकडे पाहिलं, पंखा चालू होता.

"हे छापायलाच पाहिजे का?" त्यांनी विचारलं.

"या अर्जामुळे पूल चार वर्षं लांबला, काका. ती चार वर्षं मी कुठं टाकू? आजी, शाळेचं सांग ना त्यांना."

"त्यामा काय सांगनं?" द्रौपदाबाईंनी पदर सारखा केला. "शाळा इकडे, आम्ही तिकडे. पूर उना का बाप म्हने, घर बठ. मंग बठीच ऱ्हायनू. पूल झाया तवय मी सासरले, चोपडाले." त्या हे असं बोलल्या, की जणू शेजारणीबद्दल बोलत होत्या. मग नातीकडे वळल्या. "पन शेठनं नाव ऱ्हाऊ दे, बेटा. मरेल मानूसनं नाव काढीसन काय भेटी?"

 प्रज्ञाला ते पटलेलं नव्हतं, पण आजीपुढे तिचं चालत नसावं. तिनं पेनाला टोपण लावलं.

झालं, सुटलो, असं शेठना वाटायला हवं होतं. ते तसे क्षणभर सैलावलेही. गादीवर बसलेल्या बाईंना 'चहा घेणार का' असं विचारण्यासाठी त्यांनी तोंड उघडलं.

"बापूजींनी नुसती सही केली," ते म्हणाले.

"म्हणजे?"

"ते एवढंच बोलले होते, पूल नको असं लिही. स्वच्छता, शांतता, बाधा... ते त्यांना कुठलं यायला? निबंधात वर्गात पहिला यायचो मी." हे वाक्य ते आयुष्यभर छाती पुढे काढून बोलत आले होते. आज ते गल्ल्याकडे बघून बोलले. "लिहून घे. रुपचंद जवरीलाल. इयत्ता आठवी."

प्रज्ञानं टोपण काढलं, पण पेन कागदाला टेकेना. ती आजीकडे बघत राहिली.

द्रौपदाबाईंच्या चेहऱ्यावर राग नव्हता. राग असता तर शेठना मान वर करता आली असती. त्या कपाळाला आठी घालून काहीतरी आठवत होत्या.

"आठवी," त्या पुटपुटल्या. "म्हंजे मी तवय पाचवीमा व्हतू."

थोडं थांबून, नोंदीत पाचवी पुरी धरली जाऊ नये म्हणून, त्यांनी नातीला सांगितलं,

"पोळा लगून."